अण्णांचं मौन आणि गावाची जोडी

आमचे वडील एकोणीस दिवस गप्प बसले आणि तेवढ्यात सगळं गाव जुगारी झालं.

यात वडिलांचा काही दोष नव्हता. दोष होता त्यांच्या बोटांचा. अण्णा जनावरांच्या बाजारातले दलाल. ईटपासून बार्शीपर्यंतच्या बाजारात त्यांच्याशिवाय बैलजोडी हलायची नाही. त्यांच्याकडं दोन गोष्टी होत्या. एक आवाज. बाजाराच्या या टोकाला ते ओरडले की त्या टोकाचा बैल रवंथ थांबवून वळून बघायचा! दुसरी बोटं. बाजारात भाव तोंडानं सांगत नाहीत, दोघांच्या हातांवर एक रुमाल टाकतात आणि आत बोटं दाबून सौदा होतो. आमच्या गावात ज्याच्या दावणीला बैल होता, त्या प्रत्येकानं कधी ना कधी अण्णांच्या रुमालात हात घातला होता.

बहात्तरचा दुष्काळ आठवून आठवून लोक दमले होते, तोवर पंच्याऐंशीच्या सुमाराला दुसरा आला. मृग कोरडा गेला. विहिरींत पोरं क्रिकेट खेळू लागली. चार दिवसांतून एकदा टँकर यायचा. एके दिवशी अण्णा अंघोळ न करताच (पाणी कुठं होतं?) देवीच्या देवळात गेले आणि सगळ्यांदेखत म्हणाले, "आई, पाऊस पडस्तोवर म्या बोलणार न्हाय."

गाव हळहळलं. अण्णांनी गप्प बसायचं म्हणजे मोराला नाचू नको म्हणण्यासारखं होतं. माझी आई मात्र घरी आल्यावर म्हणाली, "देवीनं निदान माझं तरी ऐकलं."

आता मधेच आकड्याविषयी, म्हणजे मटक्याविषयी, सांगायला हवं, कारण ज्यांना तो खेळ माहीत नाही त्यांना आमचं गाव वेडं वाटेल. (माहीत आहे त्यांनाही वाटेल, पण कमी.) शून्य ते नऊ असे दहा आकडे. त्यातला एक संध्याकाळी फुटायचा, त्याला ओपन म्हणायचं. दुसरा नंतर फुटायचा, तो क्लोज. दोन्ही शेजारी ठेवले की झाली जोडी. फुटायचे मुंबईत, आणि कपाळं फुटायची आमच्या गावात! एक आकडा लागला तर रुपयाला नऊ, जोडी लागली तर रुपयाला नव्वद. चिठ्ठ्या घ्यायचा चावडीजवळचा पानपट्टीवाला दगडू. त्याच्याकडं पान मागितलं तर तो म्हणायचा, "पान न्हाय, आकडा बोला."

आदल्या दिवसाची जोडी सकाळी दुधाच्या टेम्पोबरोबर यायची. आणि दूध सोसायटीचा सचिव कोण? मी. बी.कॉम. झालेला, गावातला पहिला. टेम्पो आला की ड्रायव्हर आधी जोडी ओरडायचा आणि मग रिकामे कॅन उतरवायचा. दुष्काळात म्हशी आटल्या होत्या, दूध पाच-सहा लिटरवर आलं होतं, पण सकाळी सोसायटीच्या कट्ट्यावर गर्दी मात्र दुप्पट!

मौनाच्या तिसऱ्या दिवशी आमचे शेजारी सोपानतात्या ओसरीवर टेकले होते. अण्णा जेवायला बसत होते. त्यांनी आईला तीन बोटं दाखवली, म्हणजे तीन भाकरी. मग मूठ वळून दाखवली, म्हणजे कांदा बुक्कीनं फोड. आईला कळलं. तात्यांनाही कळलं, पण वेगळं.

"तीन... आन् मूठ," तात्या पुटपुटले. "मूठ म्हंजी शून्य. तीस!"

दुसऱ्या दिवशी सकाळी टेम्पो थांबायच्या आधीच ड्रायव्हर ओरडला, "तीस!"

तीसची चिठ्ठी खिशात घेऊन आलेले तात्या सोसायटीच्या कट्ट्यावर आडवेच झाले. शुद्धीवर आल्यावर त्यांनी पहिली गोष्ट केली ती म्हणजे अण्णांचे पाय धरले. दुसरी, सगळ्या गावाला सांगितलं. ही दुसरी गोष्ट त्यांनी केली नसती तर आज मला हे लिहावं लागलं नसतं!

दुसऱ्या दिवसापासून आमच्या अंगणात माणसं मावेनात. अण्णांनी कान खाजवला तर एक. नाक शिंकरलं तर दोन (नाकपुड्या दोन म्हणून). चिडून त्यांनी पंजा उगारला, तर पन्नास जण एका सुरात, "पाच! पाच!" वैतागून त्यांनी दोन्ही हात जोडले, तेव्हा अंगणात दोन तट पडले. एक म्हणे दहा म्हणजे शून्य, दुसरा म्हणे जोडलेले हात म्हणजे एकच, म्हणजे एक. दोन्ही तटांत मारामारी व्हायची वेळ आली.

मी अण्णांना म्हटलं, "तुम्ही हात रुमालाखाली झाकून बसा."

ही माझी आयुष्यातली सर्वांत मोठी चूक असं मला त्या दिवशी वाटलं. (पुढं तो मान दुसऱ्या चुकीला गेला.) अण्णांनी हात मांडीवर घेऊन वर रुमाल टाकला मात्र, अंगणातली माणसं सरसावून बसली. हातावर रुमाल पडला म्हणजे सौदा सुरू! पहिले तात्याच पुढं सरकले आणि त्यांनी अदबीनं आपला हात रुमालाखाली घातला. मग रांग लागली. दिवसभर माणसं येत होती, रुमालाखाली अण्णांची बोटं चाचपत होती आणि डोळे मिटून समाधानानं दगडूकडं जात होती. अण्णांचे डोळे संतापानं लाल झाले होते. तेही लोकांनी मोजले.

"अण्णा, काय बी होऊ द्या, तोंड उघडू नगा," तात्या रोज जाताना बजावायचे. "गावाचा पाऊस तुमच्या जिभेवर हाय."

हे मात्र कुणी चेष्टेनं म्हणत नव्हतं. देवीपुढं बोललेला शब्द होता. अण्णांनी तो मोडला आणि पाऊस आला नाही, तर गावात तोंड दाखवायला जागा राहणार नव्हती. आईनं तर आम्हा सगळ्यांना दम भरला होता, "त्यांना कुणी चिडवायचं न्हाय. त्येंच्या तोंडून शबूद निघाला तर ज्यानं काढला त्येला मी जेवाया वाढणार न्हाय."

मला वाटलं, आता शिक्षणाचा उपयोग करावा. एका सकाळी मी कट्ट्यावर उभा राहिलो. दुधाचे रिकामे कॅन ओळीनं मांडून समजावलं. "हे बघा, आकडे दहा. प्रत्येकाची येण्याची शक्यता सारखी. दहा जणांनी दहा आकड्यांवर एकेक रुपया लावला, तर एकाला नऊ मिळतात. एक रुपया कुठं गेला?"

"दगडूकडं," सगळे म्हणाले.

"मग रोज खेळलं तर शेवटी सगळं कुणाकडं जाणार?"

"दगडूकडं."

"समजलं ना?"

"लई ब्येस समजलं," तात्या म्हणाले. "पर सचिव, तुमी कॅन किती मांडलं व्हतं? सातच ना?"

त्या दिवशी अख्ख्या गावानं सात लावला. आला नाही. तेव्हापासून बी.कॉम.चा भाव गावात उतरला तो उतरलाच.

आणि खरं सांगायचं तर, मला राग आला. अण्णांच्या शिंकेला मान आणि माझ्या गणिताला नाही? मी गुपचूप सोसायटीच्या दुधाच्या फॅटच्या रजिस्टरच्या मागच्या पानावर अण्णांच्या खुणा लिहायला लागलो, केवळ त्या खोट्या ठरवायला. चार दिवसांत दोनदा एकेक आकडा जुळला. मला झोप येईना. जेवताना मी अण्णांचे घास मोजू लागलो. आई म्हणाली, "तुला काय झालंय? बापाच्या ताटाकडं काय बघतोस टकामका?"

एकोणिसावा दिवस. सकाळी टँकर आला होता. आईनं परसातलं लोखंडी पिंप काठोकाठ भरलं होतं. चार दिवसांचं पाणी, पिण्याचं, म्हशीचं, शेळीचं, सगळं त्यात. पिंपाला तळाशी भोक होतं, त्यात चिंधीचा बोळा घट्ट कोंबलेला असायचा. आई गिरणीवर दळण आणायला गेली होती. जाताना माझ्या हातात तेलासाठी दहा रुपये देऊन गेली.

दुपारी मी निघता निघता परसाच्या दाराशी आलो. पिंपाच्या पलीकडून अण्णांचं डोकं आणि एकच हात दिसत होता. मला बघताच त्यांनी दोन बोटं ताठ उभी करून डोक्याशी नेली. मग हवेत मोठा वाटोळा गोल काढला. पुन्हा दोन बोटं. पुन्हा गोल. डोळे एवढे मोठे!

मी मागं वळून पाहिलं. अंगणात कुणी नाही. ही खूण फक्त माझ्यासाठी होती! पोटच्या पोरासाठी!

"दोन आणि शून्य," मी कुजबुजलो. "वीस ना, अण्णा?"

अण्णांनी कपाळावर हात मारून घेतला.

"कळलं, अण्णा! कळलं!" असं म्हणून मी जो सुटलो तो थेट पानपट्टीवर. मागून पिंपावर धाडधाड बुक्क्या ऐकू येत होत्या. मला वाटलं, बाप आनंदानं ढोल वाजवतोय!

दगडूनं माझ्याकडं पाहिलं आणि त्याच्या हातातला चुना खाली पडला. "सचिव? तुमी?"

"वीस. जोडी. दहा रुपये." तेलाचे दहा रुपये मी त्याच्या हातावर ठेवले. चिठ्ठी घेतली. भोवतीचे पंधरा-वीस जण आ वासून बघत होते. मी जरा ऐटीत उभा राहिलो आणि तेवढ्यात, चार गल्ल्या ओलांडून, अख्ख्या गावावरून तो आवाज आला.

"आरं बैला, शेळीनं बोळा खाल्ला! पाणी चाललं, पाणी!"

चावडीपुढची कुत्री उठून बसली. मी पळालो. माझ्यामागं सगळा जमाव. परसात येऊन बघतो तर अण्णा पिंपाला मिठी मारून बसलेले, अंगठा भोकात रुतवलेला, अर्धं पिंप रिकामं आणि बाजूला शेळी शांतपणे चिंधीचं शेवटचं टोक चघळत उभी. दोन बोटं म्हणजे शिंगं होती. गोल म्हणजे पिंप होतं.

अण्णांची नजर माझ्या हातातल्या चिठ्ठीवर गेली.

"आन् तू तिकडं आकडा लावतुयास व्हय रं!"

मग त्यांच्या लक्षात आलं, आपण बोललो. ते एकदम बसल्या जागी लहान झाल्यासारखे दिसले. एकोणीस दिवस त्यांनी शिव्या गिळल्या होत्या, ठसका गिळला होता, आणि ते सगळं माझ्यापायी पाण्यात गेलं. मला धरणीनं पोटात घ्यावं असं झालं. दारात आई पिठाचा डबा घेऊन उभी होती. तिला सगळं कळलं होतं.

मग मागून तात्यांचा हळू आवाज आला, "आरं... बैला... शेळीनं... बोळा... खाल्ला... पाणी... चाललं... पाणी. आठ झालं का?"

"दोनदा पाणी म्हणालं, दोन्ही धरायचं का?" कुणीतरी विचारलं.

"धरायचं. सांडलं बी दुप्पट हाय."

"आन् दुसरं बोलणं? त्यातला 'रं' धरायचा का?"

"बोललंय नव्हं? मग धर. सात."

क्षणात परस रिकामं झालं. मी एकट्यानं दुसरा बोळा करून पिंपाला लावला.

सकाळी टेम्पो आला. ड्रायव्हर ओरडला, "सत्त्याऐंशी!"

त्या दिवशी गावात फक्त एका माणसाचे पैसे बुडाले. दगडू सगळ्यांचे पैसे चुकते करून, पानपट्टीला कुलूप लावून सासुरवाडीला गेला तो महिनाभर आला नाही. गावानं अण्णांचं मौन मोडल्याबद्दल चकार शब्द काढला नाही, उलट देवीनंच त्यांना बोलतं केलं असं ठरवलं. संध्याकाळपर्यंत प्रत्येक घरातून एकेक कळशी पाणी आमच्या पिंपात येऊन पडली. आईनं मला दोन दिवस खरंच जेवायला वाढलं नाही.

आठ-दहा दिवसांनी पाऊसही आला. अण्णा छपराखाली उभे राहून गावभर ऐकू जाईल अशा आवाजात बोलत सुटले. आईशी, तात्यांशी, म्हशीशी, अगदी त्या शेळीशीसुद्धा! माझ्याशी मात्र दिवाळीपर्यंत एक शब्द नाही. एकदा मी समोर असताना आई त्यांना म्हणाली, "आवं, बोलायचं न्हाय तर निदान त्येला खुणेनं तरी सांगा."

अण्णांनी दोन्ही हात काखेत दाबून धरले. "नगं," ते तिला म्हणाले. "त्येला बोट दावायची सोय न्हाय. शिकल्याला हाय, त्यो हिशेब करतो."