चपलांचं पोतं

नव्वदच्या दशकात बंगळूरहून आनेकलजवळचा धबधबा बघायला अर्ध्या दिवसाच्या सहलीला गेलो होतो. व्हॅनबरोबरचा गाइड मला पहिल्यापासून खटकला. बोलणं गोड, पण नजर सारखी प्रत्येकाच्या पायांवर.

पायऱ्या उतरल्यावर त्यानं पोतं पसरलं. "पुढं शेवाळ आहे अण्णा, चपला द्या," तो कन्नडमध्ये म्हणाला. सगळ्यांनी दिल्या. माझ्या कोऱ्या होत्या. म्हटलं, हा लंपास करणार. मी त्या गुपचूप झुडपामागे ठेवल्या.

पाण्यात जरा जास्तच रमलो. झुडपामागच्या चपला घालून धापा टाकत वर आलो तर व्हॅन निघालेली. ओरडत धावलो, तेव्हा थांबली.

"मला टाकून चाललात?" मी भडकलो.

गाइडनं माझे पाय पाहिले. हातातलं रिकामं पोतं उघडून दाखवलं.

"माणसं मोजताना चुकतात, अण्णा. मी चपला मोजतो. पोत्यात जोड उरला, की कुणीतरी अजून पाण्यात आहे. तुमचा जोडच नव्हता. तुम्ही बुडाला असता, तरी मला कळलं नसतं."

वाटेत व्हॅन चहाला थांबली. कुणी मागितलं नव्हतं, तरी मी चपला काढून त्याच्यापुढे ठेवल्या. त्यानं दोन्ही आहेत ना, ते मोजून पाहिलं.