उलटा करंट

माझे वडील वायरमन होते. सायखेड्याच्या आसपासच्या खांबांवर चढण्या-उतरण्यात त्यांची सगळी नोकरी गेली. कुठल्याच पुस्तकात नसलेली एक वीज त्यांना ठाऊक होती. तिला ते उलटा करंट म्हणायचे. "साधी वीज तारेतून येती," ते सांगायचे, "ही उद्यातून आजमधी येती. उद्या लागायचा झटका आजच तळहाताला कळतो. लय बारीक असतो, पण असतो."

एकदा खांबावर चढण्याआधी त्यांच्या डाव्या तळहाताला मुंग्या आल्या. ते थांबले, लाइन पुन्हा तपासली, तर बंद म्हणून सांगितलेली लाइन चालू निघाली. झालं! त्या दिवसापासून आमचं घर त्यांच्या तळहातावर चालू लागलं. त्र्यंबकेश्वरला निघालेले आम्ही नाक्यावरून परत फिरलो. मला बघायला येणाऱ्या पाहुण्यांना आयत्या वेळी नको म्हणून कळवलं गेलं. नाहीतर काय झालं असतं हे अर्थातच कधी कळलं नाही, आणि काही झालं नाही हाच पुरावा धरला जायचा. मी मनातल्या मनात हसायचे. वडील गेले, आणि वर्षभरात मुंग्या माझ्या हाताला यायला लागल्या. मग हसू पळालं.

गेल्या वर्षी माझ्या मुलीला विंचूरच्या वाइन पार्कमधल्या एका प्रयोगशाळेतून मुलाखतीचं बोलावणं आलं. तिला हीच नोकरी हवी होती, कॉलेजात असल्यापासून. दहाला पोहोचायचं होतं, आणि ती नाशिकहून स्कूटीवर जाणार होती. सकाळी मी तिच्या डब्यासाठी कणीक मळत होते आणि तळहात झिणझिणला. मला लगेच हायवे दिसला, कांद्याचे भरलेले ट्रॅक्टर दिसले, तिची ओढणी दिसली. फ्रिजवरची स्कूटीची किल्ली मी उचलली आणि बाजरीच्या पिठाच्या डब्यात खोल खुपसली. दुसरी किल्ली केव्हाच हरवलेली होती.

तिने पर्स उलटी केली, कालच्या जीन्सचे खिसे तपासले. मीही तिच्याबरोबर शोधलं, अगदी सोफ्याखाली वाकून. इतकं चांगलं नाटक मी शाळेच्या गॅदरिंगमध्येही केलं नव्हतं. शेवटी ती रडवेली होऊन बसस्टँडकडे पळाली. पोहोचली तेव्हा साडेअकरा वाजले होते आणि मुलाखती आटोपल्या होत्या. फोनवर ती एवढंच म्हणाली, "गेली." मला मात्र हायसं वाटलं. धडधाकट आहे ना, बस.

चार दिवसांनी ती भाकऱ्या करायला बसली. पिठाने माखलेली किल्ली तिने माझ्यापुढे धरली.

"आई, हाताला मुंग्या आल्या होत्या?"

"हो."

"मग लागला की झटका. मला."

ती ओरडली असती तर बरं झालं असतं. ती पुन्हा भाकरी थापायला लागली. मी ज्या अपघाताला भीत होते तो मीच डब्यात ठेवला होता. इतकी लाज मला आयुष्यात कधी वाटली नव्हती.

त्यानंतर वडिलांची दुसरी शिकवण आठवली. तार बंद असल्याची खात्री केल्यावरही ते आधी पालथा हात लावून बघायचे. "तळहातानं धरलं तर करंट मूठ आवळतो, सोडूच देत नाय. पालथ्या हातानं चिकटत नाय माणूस." मला हे त्यांनी शंभरदा सांगितलं असेल. मी त्यांच्याकडून फक्त मुंग्या घेतल्या.

आज तिची दुसरी मुलाखत आहे, विंचूरलाच, पण दुसरीकडे, पुन्हा दहाला. सकाळी मुंग्या आल्याच. का नाही येणार? मी किल्ली हाताच्या पालथ्या बाजूवर ठेवली आणि हात पुढे केला. किल्ली घसरायला लागली. तिने माझ्याकडे पाहिलं, किल्ली अलगद उचलली आणि म्हणाली, "पोचल्यावर फोन करते."

आता साडेदहा होत आलेत. फोन आलेला नाही. तळहात नुसता झिणझिणतोय, मोबाइल समोर ओट्यावर आहे, आणि तिला फोन लावायला मी तो उचलत नाहीये.