चार बोटं सावली

गाडीच्या काचेला आतून रंगीत फिल्म लावायची असली तरी आधी ती बाहेरच्या अंगाला पसरून बघावी लागते. काच साबणाच्या पाण्यानं भिजवायची आणि फिल्म तिच्यावर अलगद सोडायची. ती तरंगते, सरकते, हाताला लागत नाही. मग मी बॉनेटच्या कडेला पोट टेकवून वाकतो आणि तिच्यातून आत बघतो. त्या घडीला आतली गाडी तळ्यात बुडाल्यासारखी दिसते. स्टिअरिंग हिरवं, सीट हिरव्या, मागच्या काचेतून दिसणारा माडही हिरव्या पाण्यात हलणारा. पंधरा वर्षं झाली या कामाला, तरी मला दर वेळी गुंगल्यासारखं होतं. आमचे मालक म्हणतात, हा माणूस काचेवर काम करत नाही, काचेत राहायला जातो.

माझं गाव चंदगडकडं. सातवीत शाळा सुटली, म्हणजे मीच सोडली. अपूर्णांक मला कधी जमले नाहीत, अजून जमत नाहीत. गोव्यात आलो ते पेडण्याला, आधी बांधकामावर आणि मग गाड्यांच्या सामानाच्या या दुकानात. समोरच्या काचेच्या वरच्या कडेला उन्हाची पट्टी, म्हणजे ऊन अडवणारी फिल्म, लावायचं काम हळूहळू माझ्याकडंच आलं. मी टेपवरचे आकडे फारसे वाचत नाही. बोटांनी मापतो आणि कागदी चिकटपट्टीनं खूण करतो. चुकेल चुकेल म्हणून तीनदा मापतो. भित्र्या माणसाची पट्टी सरळ येते, एवढंच माझं कौशल्य.

राहायला मी चोपड्याला, एका काकींच्या घराच्या मागच्या खोलीत. काका गेल्यावर त्यांची गाडी शेडमध्ये धूळ खात होती. मुलगा दुबईला. काकींनी पन्नाशी उलटल्यावर ड्रायव्हिंग स्कूलमध्ये नाव घातलं आणि तीन महिन्यांत लायसन घेऊन आल्या. त्याच वर्षी भाद्रपदात मला डेंगी झाला. मी त्यांचा नवा भाडेकरू, धड ओळखही नव्हती. दुपारी पाणी द्यायला म्हणून आल्या, माझ्या कपाळाला हात लावला आणि चावी आणायला आत गेल्या. म्हापशाच्या हॉस्पिटलापर्यंत सगळा रस्ता त्यांनी दुसऱ्या गिअरमध्ये काढला. मागून हॉर्न वाजत होते. मी मागच्या सीटवर पडून खिडकीतून जाणारे माड मोजायचा प्रयत्न करत होतो आणि मोजता मोजता हरवत होतो. आठ दिवस त्यांनी रोज पेज आणली. गावाकडं आईला कळवलं तेही त्यांनीच, आणि असं कळवलं की आई घाबरली नाही. या गोष्टीचे आभार कसे मानतात ते मला माहीत नाही. मी आपली त्यांच्या गाडीची काच रोज सकाळी पुसतो.

काकींचं माहेर मोरजीला. तिथं त्यांची आई, नव्वदीच्या घरात, अंथरुणाला खिळलेली. सून सगळं करते, पण संध्याकाळची पेज म्हातारी फक्त लेकीच्या हातून घेते. लेक आली नाही तर तोंड मिटून पडून राहते. म्हणून काकी रोज पाचच्या सुमाराला निघायच्या. बस आहे, पण तिचा भरवसा नाही, आणि परतीची तर बहुधा नसतेच. चोपड्याहून मोरजीला जाणारा रस्ता नदीच्या कडेनं पश्चिमेला जातो. त्या वेळी नदी वितळलेल्या पितळेसारखी असते, आणि सूर्य बरोबर समोर. बघायला सुंदर, चालवायला वैरी.

गेल्या डिसेंबरात एका वळणावर काकींना समोरची सायकल दिसली नाही. सायकलवाला पदेर होता, संध्याकाळचे पाव घेऊन निघालेला. काहीच झालं नाही. तो बाजूला गवतात उतरला, पाव शिल्लक, माणूस शिल्लक. पण काकी घरी आल्या त्या पायरीवरच बसल्या. चावी त्यांनी माझ्या हातात दिली. मुलाचा फोन आला तर तो म्हणाला, विकून टाक गाडी. गिऱ्हाईकही मिळालं, शेजारच्या वाड्यातलं.

मी म्हटलं, काकी, वरून उन्हाची पट्टी लावून बघू या.

"पट्टीन काय होतला रे?" त्या म्हणाल्या. मग थोड्या वेळानं, माझ्याकडं न बघता, "लाव. आठ दिस बघतंय. नाय जमला तर गाडी देवन टाकतंय."

आता त्या आठ दिवसांत सगळं आलं. गाडी गेली की लेकीचं रोजचं जाणं गेलं, आणि म्हातारीची पेज गेली. मला झोप येईना.

रविवारी अंगणात काम काढलं. काकींनी गाडी अशी रिकामी करून ठेवली होती की जणू घरात लग्नाचे पाहुणे येणार. पायपुसणी धुऊन वाळत घातलेली, कप्प्यातले कागद काढलेले, सीट झटकलेल्या. मला बरं वाटलं. मी त्यांना ड्रायव्हरच्या जागेवर बसवलं आणि समोर बघायला सांगितलं. त्या पदर सावरून अगदी ताठ बसल्या, फोटोला बसतात तशा. त्यांच्या डोळ्यांच्या रेषेवरून मी काचेवर बोट सरकवत गेलो, इथं दिसतं का, इथं दिसतं का, आणि चिकटपट्टीनं खूण केली. वरच्या कडेपासून आठ बोटं. एवढी रुंद पट्टी सहसा लावत नाही, पण त्यांचं डोकं स्टिअरिंगच्या फार वर येत नव्हतं. बाई ठेंगणी, मी मनाशी म्हटलं, आणि तीनदा मापलं.

मग डॅशबोर्डवर टॉवेल अंथरला, आरसा काढला. पाण्यात लहान मुलांचा शाम्पू दोन थेंब, त्यानं फिल्म मऊ सरकते. बाहेरून कापली, गरम हवेच्या गननं काचेच्या गोलाईला बसवली. गन एका जागी धरायची नसते, काच तडकते; ती फिरती ठेवावी लागते, आरती ओवाळावी तशी. पाठीचा कागद सोडवून फिल्म आत घेतली आणि मधून कडेकडे पाणी ढकलत गेलो. एक बुडबुडा राहिला नाही. वरून गडद आणि खाली येता येता विरळ होणारा हिरवा रंग. काकी अंगणात उभ्या राहून बघत होत्या. म्हणाल्या, देवळातल्या रंगीत काचेसारखी दिसते. त्या रात्री मी शांत झोपलो.

सोमवारी त्या गाडी घेऊन गेल्या. मंगळवारपासून गाडी शेडमध्येच. मी दुकानातून आलो की ती तिथं, बॉनेट थंड. बुधवारी बघितलं तर काकी पिशवी घेऊन बसथांब्यावर उभ्या. गुरुवारी तर गेल्याच नाहीत, बस चुकली म्हणून. त्या संध्याकाळी त्यांच्या स्वयंपाकघरातून भांड्याचाही आवाज आला नाही. मी विचारलं तर म्हणाल्या, तुझी पट्टी बरी आसा झिला, माझेच डोळे म्हातारे झाले. आणि विषय बदलून मला सोलकढी दिली.

मला वाटलं, माझ्या कामात काहीतरी खोट आहे आणि त्या बोलत नाहीत. उपकार केलेल्या माणसाला आपण उलट फसवलं असं वाटायला लागलं. शुक्रवारी मालकांना विचारून लवकर आलो. शेडमध्ये गेलो. पट्टीवर हात फिरवला, कडा तपासल्या, बाहेरून बघितलं, आतून बघितलं. काही नाही. म्हणून ड्रायव्हरच्या सीटवर बसलो आणि बसताना हात टेकला, तेव्हा कव्हरवर काहीतरी लागलं. दोन सरळ दबलेल्या रेघा, एकमेकींपासून वीतभर लांब, आडव्या. कव्हर तिथं चकचकीत झालं होतं. पट्टी लावायच्या दिवशी सीट झटकून फुगवली होती आणि तिच्यावर काकी बसल्या होत्या, म्हणून मला दिसलं नव्हतं. माणूस बसून अशा रेघा पडत नाहीत.

मी बराच वेळ त्या रेघांवर बोट फिरवत बसलो. शेडच्या फटींतून ऊन येत होतं आणि पट्टीतून गाळून माझ्या हातावर हिरवं पडत होतं. मग उठून मागच्या दाराशी गेलो. काकी नारळ खवत होत्या.

"काकी, गाडी चालवताना तुम्ही सीटवर काय ठेवता?"

त्या खवत राहिल्या. मग विळी बाजूला सारली, आत गेल्या आणि टॉवेलात गुंडाळलेलं काहीतरी घेऊन आल्या. जेवायला बसायचा पाट. फणसाच्या लाकडाचा, खाली दोन आडव्या पट्ट्या मारलेला.

"तुका सांगूक लाज वाटली रे," त्या म्हणाल्या. "ह्याच्यार बसल्याशिवाय माका बॉनेट दिसना नाय. सगळी हसतत. नवरी पाटार बसली म्हणतत."

मग कळलं. शिकायला लागल्यापासून त्या पाटावर बसूनच गाडी चालवत होत्या. मला हॉस्पिटलात नेलं तेही पाटावर बसूनच. वाड्यातल्या बायकांनी एकदा बघितलं आणि तेव्हापासून गाडी दारातून निघाली की कुणीतरी मंगलाष्टक सुरू करायचं. म्हणून त्या पाट टॉवेलात गुंडाळून नेत, आणि कुणी गाडीजवळ यायचं असलं की आधी तो घरात लपवत. मी काम करायला येणार म्हणून गाडी झाडली, त्यात पाटही गेला. मी मापलं ते पाटाशिवायच्या काकींना. पाटावर बसल्या की त्यांचे डोळे चार बोटं वर जायचे, आणि माझी पट्टी बरोबर त्यांच्या डोळ्यांवर, लांबच्या रस्त्यावर, समोरून येणाऱ्या गाडीवर. सोमवारी त्या पट्टीखालून बघायला मान खाली घालून मोरजीला गेल्या होत्या, आणि येताना आखडलेली मान वर होत नव्हती.

मी म्हटलं, मग मला का नाही सांगितलं.

"तू इतक्या मनापासून लावलंस," त्या म्हणाल्या. "काढ म्हणान कसा सांगतलंय?"

मी पाट हातात घेतला. मला हसू येत होतं आणि रडूही. त्यांना माझ्या कामाची कदर करायची होती आणि मला त्यांच्या उपकाराची, आणि या सगळ्यात एक म्हातारी मोरजीला तोंड मिटून पडली होती.

शनिवारी सकाळी मी ती पट्टी काढली. कोपरा गरम करून सोडवायचा आणि तिरपा ओढत यायचा. घाईनं ओढली की गोंद काचेवर राहतो. चांगली लागलेली पट्टी काढताना हाताला वाईट वाटतं, खोटं कशाला सांगू. दुपारी साडेचारला काकींना पाटावर बसवलं आणि म्हटलं, आज माप अंगणात नाही घ्यायचं. मी बाजूच्या सीटवर बसलो. निघताना कुंपणापलीकडून कुणीतरी म्हणालं, पाट आसा, पण नवरो खंय? काकींनी खिडकीची काच खाली केली आणि म्हणाल्या, नवऱ्याकच हाडूक जातंय. नवऱ्याला आणायला निघालेल्या काकींनी मग काच वर केली आणि गाडी रस्त्यावर काढली.

नदीच्या कडेला, रस्ता रुंद होतो तिथं, त्यांनी गाडी बाजूला घेतली. सूर्य समोर. पाण्यावरून येऊन ते ऊन सगळीकडं भरलं होतं, होड्यांत, खारफुटीत, काकींच्या चष्म्यात. मी कागदी चिकटपट्टी काचेवर वरून खाली सरकवत आणली. त्या बघत होत्या. "हांगा," त्या म्हणाल्या. "हांगा सावळी पडली." मी खूण केली. वरच्या कडेपासून चार बोटं. तीनदा मापायला गेलो तर माझा हात धरून म्हणाल्या, पुरे. उघड्या काचेनं त्या उन्हात पुढं जायची त्यांची तयारी नव्हती, म्हणून तिथूनच परत फिरलो.

रविवारी नवी पट्टी लावली, अरुंद आणि आधीपेक्षा फिकी. मी त्यांना खरं तेही सांगितलं. सूर्य पट्टीच्या खाली उतरला की कुठलीच पट्टी उपयोगाची नाही. तेव्हा साडेचारला निघायचं, पाचच्या पुढं नाही. आणि उशीर झाला तर गाडी बाजूला घेऊन थांबायचं, सूर्य बुडेपर्यंत. काकी म्हणाल्या, तितकी वाट बघायला मला येते.

या वेळी दोन दिवस फिल्म सुकू दिली. मंगळवारी त्या म्हणाल्या, चल. साडेचारला निघालो. पदेराचं वळण आलं, तिथं त्यांनी स्टिअरिंग घट्ट धरलं, मग सोडलं. सूर्य वर पट्टीत अडकून बसला होता, काचेत ठेवलेल्या हिरव्या लिंबासारखा, आणि खाली रस्ता स्वच्छ दिसत होता, एकेक खड्डा, एकेक पान. मी समोर बघायचं सोडून त्यांच्याकडं बघत होतो. त्यांनी तिसरा गिअर टाकला.

मोरजीला घरासमोर गाडी उभी केली. काकींनी पाट लपवला नाही, तसाच सीटवर ठेवला आणि आत गेल्या. मी ओट्यावर बसलो. आतून म्हातारीचा आवाज आला, बारीक, रागावलेला. इतके दिस खंय होतंस, असं काहीतरी. काकींनी काय उत्तर दिलं ते ऐकू आलं नाही. नंतर वाटीवर चमचा लागल्याचा आवाज यायला लागला. थांबायचा, पुन्हा यायचा. मी माझ्या आईला फोन लावला. तिनं विचारलं, कुठं आहेस? मी म्हटलं, आहे इथंच, जरा बसलोय.