पाटाला हात

हाताची मूठ डोळ्यांसमोर धरायची, मनगट सावकाश फिरवायचं आणि बोटांवर पडलेला उजेड बघायचा. मग म्हणायचं, “थांबू. ढग येऊ दे, उजेड मऊ होईल.” उन्हासाठी हपापलेल्या आयर्लंडमध्ये ढगाची वाट बघणारा माणूस तुम्ही पाहिलाय? मी पाहिलाय. तिथल्या ओंगार उपनगरात आमच्या शेजारच्याच घरात राहायचा.

मूळचा ब्राझीलचा, पन्नाशी उलटलेला. वीस वर्षं तिकडे दुसऱ्यांच्या सिनेमांचा कॅमेरा सांभाळला, इथे येऊन मालिकांचा. कसा आहेस विचारलं की आयरिश थाटात “ग्रँड!” म्हणायचा. पण एकदा कुंपणावरून बोलता बोलता म्हणाला, “चित्रं सगळी मी काढली. गोष्ट प्रत्येक वेळी दुसऱ्याची.” आता त्याला स्वतःचा सिनेमा करायचा होता. छोटासाच, घर सोडून आलेल्या माणसांवर. शेवटचं दृश्य त्याने आमच्याकडे ठरवलं होतं. मागच्या अंगणात, बादलीतलं गणपतीविसर्जन. करणार माझी आई, कराडहून तीन महिन्यांसाठी आलेली.

आरती झाली, आईने पाट उचलला आणि याची मूठ वर. “थांबा, ढग!” आई कसली थांबतेय! मोरया म्हणून मोकळी. मूर्ती पाण्यात गेली तेव्हा हा पठ्ठ्या आभाळाकडे बघत होता.

“परत एकदा करूया?” त्याने अगदी सहज विचारलं. शूटिंगमध्ये एकच माणूस दहादा मरतो, त्याचं काय चुकलं?

“काय म्हनतोय त्यो?” आईने मला विचारलं. मी सांगितलं. “त्याला म्हनावं, द्येव आता पुढच्या वर्षी. तवा काढ.”

दुसरी मूर्ती आणू, कुणाला कळतंय, असं मीच त्याला सुचवलं. “आजींना कळेल,” तो म्हणाला. आईला तो आजीच म्हणायचा. आणि सिनेमा अर्धवट ठेवून खरंच वर्षभर थांबला. मला तो खुळाच वाटला. आईचे गुडघे, व्हिसा, सगळंच बेभरवशाचं. रविवारी आमच्या व्हिडिओ कॉलमध्ये डोकावून तो मी शिकवलेल्या दोनच शब्दांत विचारायचा, “आजी, गुडघा?”

पुढच्या गणपतीला आई पुन्हा आली. या वेळी त्याने सकाळपासून कॅमेरा स्टँडवर लावून ठेवला होता. आरती झाली. आमच्याकडे विसर्जनाला घरातल्या प्रत्येकाचा हात पाटाला लागावा लागतो. आम्ही सगळ्यांनी लावला, तरी आई हलेना.

“आरं, तू तिकडं काय करतुयास? हात लाव की!”

मराठी कळत नसलं तरी हाक कळलीच त्याला. ज्या दृश्यासाठी वर्ष घालवलं ते समोर होतं. तो क्षणभर कॅमेऱ्याला डोळा लावून तसाच राहिला. मग कॅमेरा चालू ठेवून धावत आला आणि त्याने पाटाला हात लावला. याचं दृश्य पुन्हा गेलं, म्हणून मला फार वाईट वाटलं.

सिनेमा झाला आणि लोकांना आवडला. शेवटच्या दृश्यात हा स्वतःच मध्ये घुसलेला. “कापलं का नाहीस?” मी विचारलं.

“आजींनी बोलावलं होतं ना.”

त्याच सिनेमामुळे त्याला मायदेशातून दिग्दर्शनासाठी बोलावणं आलं. आता तिकडे तो स्वतःच्याच गोष्टी सांगतो. शेजारी दुसरं कुटुंब आलंय. आईला पाठवायला मी त्याचा फोटो शोधला, तर एकही नाही. जन्मभर कॅमेऱ्यामागे उभ्या राहिलेल्या माणसाचा फोटो कोण काढणार? शेवटी सिनेमातलं तेच चित्र पाठवलं. त्यातही तो पाठमोरा.

आईने ते मोठं करून कराडच्या घरी लावलंय. पाहुण्यांना एकेकाची ओळख करून देते आणि पाठमोऱ्यावर बोट ठेवून सांगते, “ह्यो पन आमचाच.”