चाल मामाची, गजर बुवांचा

मामा टीव्हीकडे पाठ करून मालिका बघायचा. आम्ही सगळे समोर, आणि हा दाराकडे तोंड करून सुपारी कातरत बसलेला. "तोंडां बघलंय तर वाजता तां ऐकाक येणा नाय," म्हणायचा. वाजत असे ते बहुतेक त्याचंच.

शिरोड्याचा हा माणूस तरुणपणी दशावतारात पेटी वाजवायचा. मुंबईला जाऊन त्याने दोन चित्रपटांना संगीत दिलं, दोन्ही पडले. मग मालिकाच केल्या. शीर्षकगीतं आणि प्रसंगांमागे वाजणारं सगळं. "सासू रडली की माझी चूल पेटता," हे त्याचं नेहमीचं. शेवटी नावं धावू लागली की निम्म्या पडद्यावर जाहिरात यायची. त्यामुळे मामा मुंबईत नेमकं काय करतो ते गावाला कधी कळलं नाही, आणि ते त्याला फार लागायचं. "एकदा देवळात बसान माझ्या चाली वाजवतलंय. मगे कळात तेंका."

जत्रेच्या कार्यक्रमांचं काम माझ्याकडे आलं तेव्हा मी ते जमवलं. डबलबारीत, म्हणजे दोन भजनीबुवांच्या सामन्यात, एक बुवा उठून दुसरे बसेपर्यंतचा वेळ मामाला मिळाला. त्याने आपली सर्वांत आवडती चाल काढली, एका मालिकेच्या शीर्षकगीताची. ती मालिका केव्हाच बंद पडली होती. पण आमच्या गावच्या बुवांनी त्या चालीवर विठ्ठलाचे शब्द बसवून गजर केला होता. भजनात असं चालतंच. गजर गावोगाव पोचला, चाल कोणाची हे कोणी विचारलं नाही.

दुसऱ्याच ओळीला मागून आवाज आला, "ओ चाकरमान्यानू, आमच्या बुवांचो गजर कित्याक चोरतास?"

मांडव हसला. मामाने बुवांकडे पाहिलं. बुवांनी मान खाली घातली. मामाने पेटीचा भाता लावला आणि तो उठला.

सकाळी बुवा घरी आले. "दादानू, काल माका सांगूक होया होतां. आज देवळात सगळ्यांका सांगतंय."

"नको. म्हणतले, बुवा मोठ्या मनाचो, पावण्याची लाज राखता. तेच्यात पण तुझांच नाव."

मामाने त्यांना चहा विचारला नाही. आमच्या घरात असं मी पहिल्यांदा पाहिलं.

त्यानंतर तो गावी आलाच नाही. मागच्या वर्षी मुंबईतच गेला. श्रद्धांजलीचा फलक करायला मी बाजारात गेले आणि नावाखाली 'ज्येष्ठ संगीतकार' लिहायला सांगितलं. फलकवाल्याने ते नीट लिहून घेतलं, मग मान वर करून विचारलं, "ताई, खंयच्या भजनात होते?"