हवा दिसणारा माणूस

माझ्या मावसभावाइतका भांडकुदळ माणूस मुलुंड पूर्व आणि पश्चिम मिळून दुसरा झाला नाही, आणि होऊही नये. मी त्याला दादा म्हणते, तो मला बाय म्हणतो. आमच्या दोघांच्या आया सख्ख्या बहिणी, मालवणकडच्या, त्यामुळे राग आमच्याकडे दागिन्यासारखा वाटून आलेला आहे. त्यातला मोठा डाग त्याला मिळाला आणि उरलासुरला मला, हे पुढे वाचताना कळेलच. पण बाकीची माणसं माणसांशी भांडतात. दादा वस्तूंशी भांडायचा. ट्यूबलाइटशी, जिन्याशी, भिंतीशी. सोसायटीच्या पाण्याच्या पंपाविरुद्ध तर त्याने बारा वर्षं लढा दिला. "सारखा ईईई करून वाजतो, तुम्हाला ऐकू येत नाही? सगळे बहिरे मेले!" दर वार्षिक सभेत त्याचा हा एकच विषय. शेवटी कंटाळून सोसायटीने नवा पंप आणला. दुसऱ्या दिवशी सकाळी दादा बनियनवर खाली हजर. "हासुद्धा वाजतो!" सेक्रेटरीने कोपरापासून हात जोडले. म्हणाले, "अहो, त्याला अजून वायर लावली नाहीये."

संध्याकाळी साडेसहाला, जिन्यात दिवे लखलखत असताना, हा हातात टॉर्च घेऊन पायऱ्या मोजत उतरायचा. भर दुपारी कामाच्या दुकानात कपाळावर टोपी ओढून बसायचा. शेठ म्हणायचे, "क्या रे, क्रिकेट खेळायला आलास काय?" तर हा म्हणायचा, "तुमचे दिवे कमी करा, टोपी काढतो." सिनेमाला कधी गेला नाही. लग्नात व्हिडिओवाल्याचा दिवा तोंडावर आला की हा ताट घेऊन उलट्या दिशेला बसणार, आणि वहिनीच्या माहेरचे म्हणणार की जावयाला फारच माज आहे. वहिनी बिचारी निम्मं आयुष्य त्याच्या वतीने माफी मागत राहिली. उरलेल्या निम्म्यात त्याच्याशी भांडत राहिली.

आणि असा हा माणूस कामाला कुठे, तर मॅचिंग सेंटरमध्ये. बायकांना सांगायला नको, पुरुषांसाठी सांगते. साडी घेऊन जायचं आणि तिच्या रंगाला तंतोतंत लागणारं ब्लाउजपीस, अस्तर, फॉल शोधून घ्यायचा, एवढ्यासाठीच असलेलं दुकान. सत्तावीस वर्षं दादा त्या काउंटरवर होता, आणि त्याने दिलेला रंग घरी नेऊन फसला असं मला एकही बाई सांगू शकली नाही. पण त्याची तऱ्हा बघून नवीन गिऱ्हाईक हबकायचं. साडी पुढे केली की हा तिच्याकडे नीट बघायचाच नाही. पापणी लवेल इतकंच बघायचा आणि डोळे मिटायचा. मग ताके काखेत मारून सरळ रस्त्यावर, उन्हात. तिथे पुन्हा एक नजर टाकायची की झालं. "लाल साडी आधी दाखवलीत ना? आता पाच मिनिटं थांबायचं, मग मोरपंखी काढायची," असा त्याचा कायदा. का, असं कुणी विचारलं तर म्हणायचा, "लाल उतरायला वेळ लागतो." बायकांना वाटायचं कारागिराचा नखरा असेल. मलाही तसंच वाटायचं. मी त्याची बहीण, चाळीस वर्षं त्याच्या तोंडाला तोंड देत आलेली, पण "लाल कुठून उतरायला वेळ लागतो रे?" एवढं एकदाही विचारलं नाही. आता आठवलं की स्वतःच्या थोबाडीत द्यावीशी वाटते.

फुटलं ते भिंतीवरून. दादाने घर रंगवायला काढलं, साधा मोतिया रंग. रंगारी मारून गेला की हा भिंतीसमोर कमरेवर हात ठेवून उभा. "दाणेदार मारलास! भिंत हलते बघ." बिचाऱ्याने घासून पुन्हा मारला. तिसऱ्या वेळी रंगारी ब्रश टाकून निघाला आणि वहिनीने मला फोन केला. मी गेले, भिंत बघितली. दुधावरच्या सायीसारखी गुळगुळीत भिंत.

"दादा, स्वच्छ आहे की."

"ह्या मुंग्या दिसत नाहीत तुला?"

"कसल्या मुंग्या?"

"अगं त्या नेहमीच्या. हवेतल्या. बारीक, चमचम हलणाऱ्या. हवाच ती! मी म्हणतो, हवेत असतात तेवढ्या असू देत, ह्याने रंगात अजून कशाला घातल्या?"

वहिनी भिंतीला नाक लावून बघायला लागली. मग मी हळूच विचारलं, "दादा, तुला हवा दिसते?"

त्याने माझ्याकडे असं बघितलं, जसं मीच वेडी. "म्हणजे? तुम्हाला नाही दिसत?"

तर असं. पंचेचाळिशी ओलांडलेला माणूस जन्मापासून समजत होता की डोळ्यांसमोर सतत वळवळणारे ते ठिपके म्हणजे हवा, आणि ते सगळ्यांनाच दिसतात. चौथीत मास्तरांनी शिकवलं, हवा दिसत नाही. हा उभा राहून म्हणाला, "दिसते की, बारीक बारीक हलते." मास्तरांनी सणसणीत थोबाडीत दिली. तेव्हापासून ह्याची समजूत अशी, की हवा दिसते पण ते बोलायचं नसतं. जुन्या टीव्हीवर मुंग्या आल्या की आम्ही सगळे अँटेना फिरवायला गच्चीवर पळायचो, आणि हा शांत बसून म्हणायचा, "टीव्हीत हवा शिरली." आम्ही हसायचो. पोरगा विनोदी आहे, म्हणायचो!

त्यानंतर मी त्याला डॉक्टरांकडे फिरवला, आणि त्या फेऱ्यांची आठवण आली तरी माझं डोकं फिरतं. पहिल्याने चष्मा बदलला. दुसऱ्याने अजून एकदा बदलला. तिसऱ्याने डोळ्यात थेंब टाकून, बॅटरी मारून, "डोळे फर्स्ट क्लास आहेत, टेन्शन घेऊ नका" म्हणून दोन मिनिटांत बाहेर काढलं. अहो, टेन्शन घेतल्याने मुंग्या येतात होय? मग मुलुंडमध्ये निम्म्या लोकांना वारूळ दिसायला हवं! नातेवाईक तर त्याहून शहाणे. एक काका म्हणाले, कामचुकारपणा आहे. एका काकूने मीठ-मोहऱ्या ओवाळून टाकल्या. दुकानातही कळलं होतं, आणि शेठ चारचौघांत बोलून गेले, "नाटकी आहे हा." माझ्या डोक्यात तो शब्द पक्का बसला.

शेवटी एक बाई भेटल्या, डोळे आणि मेंदू दोन्हींचं जाणणाऱ्या. त्यांनी तासभर ऐकून घेतलं. मग त्यांनीच विचारलं, "लाल बघितल्यावर डोळे मिटले तरी रंग मागे राहतो? दिव्यांचा त्रास होतो? संध्याकाळी पायऱ्या कळत नाहीत? कानात काही वाजतं का हो?" वहिनी म्हणाली, "अगं बाई, पंप!" आणि खुर्चीतच रडायला लागली. बाईंनी समजावलं. डोळे चांगले आहेत. डोळे पाठवतात ते चित्र मेंदू गाळून घेतो, तिथे काहीतरी वेगळं चालतं, पूर्ण उलगडा अजून कुणालाच झालेला नाही. आंधळेपण ह्याने येत नाही. हमखास औषध नाही, पण रंगीत काचेच्या चष्म्याने काहींना बरं वाटतं. नाव आहे व्हिज्युअल स्नो.

"रंगीत काच लावून मी आमसुली कसा ओळखू?" दादा उखडला. "आणि स्नो कसला? बाई, मी मुलुंडचा. बर्फ बघितला तो गोळ्यातला. ह्या मुंग्या आहेत."

"मुंग्या म्हणा," बाई हसल्या. "माझी काही हरकत नाही."

तो टोपी घालून उठला. बाहेर आल्यावर म्हणाला, "म्हणजे मास्तरांनी ती फुकटच मारली."

आता माझी करणी ऐका. बाईंनी लिहून दिलेला कागद घेऊन मी दुसऱ्याच दिवशी तरातरा दुकानात गेले आणि शेठच्या गल्ल्यावर आपटला. "हे वाचा! माझा भाऊ नाटकी नाही!" शेठने दोनदा वाचलं. माणूस वाईट नाही, चहा पण मागवला. मग म्हणाले, "ताई, ह्याच्या नजरेत प्रॉब्लेम आहे, तर रंग कसा बघणार? उद्या कस्टमरला कळलं तर?"

"सत्तावीस वर्षं बघतोय ना!"

"ते बरोबर. पण आता कागद आहे ना."

पुढच्या सोमवारी दादाला काउंटरवरून उठवून गल्लीतल्या गोडाऊनमध्ये टाकलं, ताके मोजायला. तिथे खोकी आणि झुरळं. रागात दादा मालवणीवर उतरतो. मला फोनवर म्हणाला, "माका खोटारडो म्हणत होते तां बरां होतां. खोटारड्याक निदान काउंटर तरी होतो." आणि ठेवून दिला. तीन आठवडे बोलला नाही. मीही नाही केला फोन. कुठल्या तोंडाने करणार? ज्या रंगाच्या जोरावर हा माणूस ताठ मानेने जगला, तोच मी माझ्या शहाणपणाने काढून घेतला होता.

मग माझ्या लेकीचा साखरपुडा ठरला. मला माझ्या आईची साडी नेसायची होती, जुनी आमसुली, आणि तिचा ब्लाउज केव्हाच विरून गेलेला. साडी घेऊन मी रविवारी सकाळी त्याच्या दारात उभी राहिले. वहिनीने आत घेतलं. हा गॅलरीत, पाठ करून.

"तिला विचार, काय काम आहे," तो वहिनीला म्हणाला.

"दादा, आईची साडी आहे रे. तुझ्या मावशीची."

त्याने पाठमोराच हात मागे केला. साडी उन्हात धरली, पापणीभर बघितली, डोळे मिटले. "तिला सांग, तिसरा खण, खालून पाचवा ताका. आमसुली मागू नको म्हणावं. माझ्या जागी आलेल्या त्या नव्या गाढवाने वाइन रंगात लावलाय."

दुसऱ्या दिवशी दुपारी दुकानात गेले. नव्या माणसाने सात कापडं दाखवली, एक लागेल तर शपथ. मी म्हटलं, तिसरा खण, खालून पाचवा. शेठ स्वतः तो ताका आणि साडी घेऊन रस्त्यावर उन्हात गेले. कुठे साडी संपते आणि कुठे कापड सुरू होतं, कळेना. "आता तुमचा कागद लावून बघा ह्याला!" मी ओरडलेच. रस्त्यातली माणसं थांबली. शेठ ताका गुंडाळत आत गेले.

त्यांनी दादाला काउंटर परत दिला असं तुम्हाला वाटत असेल, तर नाही दिला. अडलेल्या साड्या तेवढ्या आता मागच्या दाराने गोडाऊनला जातात, हा रंग सांगतो आणि पुढचा माणूस गिऱ्हाइकाकडून शाबासकी घेतो. मला संताप येतो. दादाला विशेष येत नाही, ह्याचा आणखी संताप येतो. "निदान तिथे ट्यूबलाइट नाही," म्हणतो.

साखरपुड्याचे पेढे द्यायला मी गोडाऊनवर गेले होते. मागच्या पायरीवर दोघं बसलो. तो टोपी काढून वर बघत होता. म्हणाला, "बाय, खरं सांग. आत्ता वर काय दिसतं तुला?"

"आभाळ. निळं."

"नुसतं निळं?"

"नुसतं."

"काही हलत नाही? काहीच नाही?"

"नाही रे दादा."

पेढा तसाच हातात धरून तो वर बघत राहिला. मला वाटलं, आता हा रडणार, किंवा मला शिव्या घालणार, आणि दोन्हींची मी तयारी केली. तो माझ्याकडे वळला, आणि त्याच्या तोंडावर माझ्याबद्दलची निखळ दया होती.

"मग करमतं कसं गो तुम्हाला?"

तेव्हापासून कपडे वाळत घालताना मी मध्येच थांबून आभाळाकडे बघते, डोळे बारीक करून, पाणी येईपर्यंत. एकसुद्धा मुंगी दिसत नाही. आणि त्याचाही मला राग येतो.