कोशकाराचा डावा कान

स्वातंत्र्यानंतरच्या आठव्या उन्हाळ्यात, एका मंगळवारी दुपारी, ठाण्याच्या सरकारी इस्पितळाच्या व्हरांड्यात पाण्याच्या माठाशेजारी उभे राहून माझे साडू स्वतःचा डावा कान स्वतःच्याच हाताने पिळत होते. मी ते खोलीच्या दारातून पाहिले. त्यांच्या डोक्यावर परिणाम झाला असे समजण्याचे कारण नव्हते. ठाण्यापासून कल्याणपर्यंतच्या टापूत रहस्यकथांतले इतके खुनी दुसऱ्या कोणालाही ठाऊक नव्हते आणि त्यांतल्या एकाचेही नाव या माणसाने तोपर्यंत कोणाला सांगितलेले नव्हते. कान पिळण्याचा संबंध या गोष्टीशी होता. तो समजण्यासाठी आधी साडू समजायला हवेत.

माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे ते यजमान. राहायला डोंबिवलीला, नोकरीला ठाण्याच्या एका कचेरीत. मी ठाण्यातच एका साप्ताहिकाचा उपसंपादक होतो, त्यामुळे आमची गाठ वरचेवर पडे. कचेरीत ते काय काम करतात हे त्यांनी मला कधी सांगितले नाही, कारण त्यांच्या मते ते त्यांचे काम नव्हतेच. त्यांचे काम म्हणजे 'मराठी रहस्यकथा-कोश'. मराठीत छापलेल्या प्रत्येक रहस्यकथेची आणि गुप्तहेर कादंबरीची नोंद, वर्गवारी आणि परीक्षण असा ग्रंथ त्यांना सिद्ध करायचा होता. कागद महाग आणि दुर्मिळ होता, म्हणून ते नोंदी लग्नपत्रिकांच्या कोऱ्या बाजूला करीत. लग्नसराईत आमंत्रण नसलेल्या घरांतूनही पत्रिका मागून आणत. पुढच्या बाजूला शुभविवाह आणि मागच्या बाजूला गळा दाबून खून, अशी शेकडो कार्डे त्यांच्याकडे होती. ती ठेवायला त्यांनी बिस्किटांचे रिकामे डबे जमवले होते आणि डब्यांवर चिकटवलेल्या चिठ्ठ्यांवर सुवाच्य अक्षरात वर्ग लिहिले होते: 'सुरे व कट्यारी', 'कड्यावरून ढकलणे', 'विष: विड्यातून', 'विष: दुधातून'. घर दोन खोल्यांचे. त्यामुळे शेवटचे दोन डबे स्वयंपाकघरातल्या फळीवर, साखरेच्या डब्याला लागून असत. एकदा कोकणातून साडूंची आत्या आली. मेहुणी विहिरीवर गेली होती, म्हणून आत्या चहाला साखर शोधायला स्वतः उठली. मेहुणी परत आली तेव्हा चूल विझवलेली होती आणि आत्या वळकटी बांधून ओट्यावर बसली होती.

"सूनबाई," ती म्हणाली, "तुझं काय दुःख असेल ते मला सांग. पण दुधातनं नको गो."

साडूंनी तिला कोशाची कल्पना नीट समजावून सांगितली. ती रात्री राहिली, पण दूध प्याली नाही.

कोशातल्या प्रत्येक नोंदीत खून कोणाचा, कशाने, कुठे, घरात नोकर किती, कुत्रा भुंकला की नाही, याची माहिती असे. खुनी मात्र नसे. त्या जागी एक आडवी रेघ असे. शेवट सांगणे हे साडूंच्या लेखी पाप होते. लहानपणी त्यांच्या थोरल्या भावाने एका कादंबरीच्या पहिल्याच पानावर पेन्सिलीने 'खून मामाने केला' असे लिहून ठेवले होते. त्या भावाशी ते पुढे आयुष्यभर कामापुरते बोलले. "लेखक एकाच माणसाचा खून करतो, साडूभाऊ," ते मला म्हणत. "शेवट सांगणारा वाचणाऱ्याचा करतो."

हे ठाऊक असूनही मी त्यांना आमच्या साप्ताहिकात रहस्यकथांची परीक्षणे लिहायला लावली. पहिले परीक्षण आले ते असे: 'प्रस्तुत कादंबरीत एक गृहस्थ आहेत. चौथ्या प्रकरणानंतर ते नाहीत. याचे इतर पात्रांना आश्चर्य वाटते. भाषा ओघवती आहे.' संपादकांनी ते दोनदा वाचले, चष्मा कपाळावर नेला आणि विचारले, "अहो, हे परीक्षण आहे की मौनव्रत? मेला कोण, तेवढं तरी सांगायला सांगा त्यांना." मी निरोप दिला. साडू म्हणाले, "लेखकाने ते चौथ्या प्रकरणापर्यंत राखून ठेवलं आहे. मी पहिल्याच ओळीत सांगणारा कोण?" हे सदर फार दिवस चालले नाही.

टीकाकाराने घरात बसू नये, हाही त्यांचा एक नियम होता. एका कादंबरीत खडवलीला नदीत टाकलेले प्रेत रातोरात वाहत जाऊन सकाळी कल्याणच्या खाडीत सापडते. साडूंना ही गोष्ट पटेना. प्रेत मिळणे शक्य नव्हते, म्हणून त्यांनी एक मोठा लाल भोपळा घेतला, त्याला ओळखीसाठी लुगड्याचा काठ बांधला आणि संध्याकाळी खडवलीला जाऊन तो नदीत सोडला. दुसऱ्या दिवशी रविवार होता. पहाटेपासून दुपारपर्यंत मी आणि ते कल्याणला खाडीच्या काठी बसलो होतो. भोपळा आला नाही. सासूबाईंचे घर कल्याणलाच, म्हणून आम्ही तिथे जेवायला गेलो. साडूंनी पानावर बसण्याआधीच खिशातून कार्ड काढून लिहिले: 'प्रेत कल्याणला पोहोचत नाही. लेखकाची चूक.' सासूबाईंनी सगळी हकीकत ऐकून घेतली आणि वरण वाढता वाढता म्हणाल्या, "जावईबापू, वाटेत कोणीतरी भोपळा काढून भाजी केली असेल. प्रेताची कोणी भाजी करत नाही."

साडूंनी कार्डावरचा मजकूर खोडला. त्यांच्या कोशातली कोणा दुसऱ्याच्या सांगण्यावरून झालेली एवढी एकच दुरुस्ती मला माहीत आहे.

सासूबाईंचा हा अधिकार वाचनातून आला होता. त्या मराठी चौथीपर्यंत शिकलेल्या होत्या आणि वाचनालयातून आठवड्याला दोन रहस्यकथा आणून चुलीपुढे बसून वाचत. त्यांच्या घरून भात करपल्याचा वास आला की शेजारणी म्हणत, "आजींचा खुनी सापडला वाटतं." कादंबरी निम्मी झाली की त्या आपला तर्क बांधत आणि पुढच्या रविवारी साडूंपुढे ठेवत. तर्क बरोबर की चूक, एवढेच त्यांना हवे असे. साडू तेवढेही सांगत नसत. चेहरा दगडासारखा ठेवून ताटाकडे पाहत. एका दिवाळीला पंगतीत वाढताना सासूबाई म्हणाल्या, "मुनीमच ना हो तो?" साडू गप्प. "मग ती विधवा बहीण?" साडू गप्प. "पुतण्या?" साडू तसेच गप्प राहिले, पण त्यांचा डावा कान हळूहळू लाल झाला आणि पाळीपर्यंत कुंकवासारखा दिसू लागला. सासूबाईंनी कानाकडे पाहिले आणि मागे वळून त्या मेहुणीला म्हणाल्या, "अगं, यांना बासुंदी वाढ. पुतण्या सापडला."

त्या दिवसापासून साडू कल्याणला कानटोपी घालून येऊ लागले. वैशाखातही. शेजारच्या माणसाने विचारले तर सर्दी सांगत. सासूबाई काही बोलत नसत. त्या जेवणात मिरच्या थोड्या जास्त घालत आणि घाम फुटून कानटोपी निघेपर्यंत वाट पाहत. मग पदर सावरून विचारत, "डॉक्टरच ना?" साडू हात कानाकडे नेत, पण तोवर उशीर झालेला असे. मेहुणीने एकदा वैतागून म्हटले, "अहो, सांगून टाका ना तिला एकदाचं. कान शिजतोय तुमचा." साडू म्हणाले, "कानावर माझा इलाज नाही. जिभेवर आहे."

या जिभेची त्यांनी किंमतही मोजली. कोश पुरा होत आल्यावर ठाण्याचे एक छापखानेवाले तो छापायला तयार झाले. त्यांची अट एकच होती: रेघेच्या जागी खुन्याचे नाव हवे. "लोक कोश घेतात तो उत्तरासाठी, राव," ते म्हणाले. साडू म्हणाले, "कोशाने वाट दाखवावी. मुक्कामाला वाचणाऱ्याने पोचावं." सगळे डबे टांग्यातून स्टेशनावर आणि तिथून गाडीने घरी परत आले. मी सोबत होतो. गाडीत साडूंनी 'विष: दुधातून' हा डबा मांडीवर घेतला होता.

त्यानंतरच्या वर्षी सासूबाईंची नजर गेली. उजवा डोळा आधीच निकामी होता, डाव्यात मोतीबिंदू पिकला. त्या वेळी हाती असलेल्या कादंबरीची शेवटची दोन प्रकरणे वाचायची राहिली आणि पुस्तक वाचनालयाला परत गेले. उन्हाळ्यात ठाण्याच्या इस्पितळात शस्त्रक्रिया झाली. दोन्ही डोळ्यांवर पट्टी, डोक्याच्या दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या. डॉक्टरांनी बजावले होते की डोके हलता कामा नये, हलले तर हा डोळाही जाईल. हसणे, खोकणे आणि दचकणे मना होते. मी ते पुस्तक वाचनालयातून पुन्हा आणले आणि राहिलेली दोन प्रकरणे वाचून दाखवू का, असे विचारले. नर्सबाईंनी पुस्तकावरचे सुऱ्याचे चित्र पाहिले आणि ते माझ्या हातून काढून घेतले.

सोमवारभर सासूबाई तळमळत होत्या. "कारभारीच असणार," असे पुटपुटत, आणि मान हलवू पाहत. मंगळवारी दुपारी नर्सबाई बाहेर येऊन आम्हाला म्हणाल्या, "आजींना शांत करा. असंच चाललं तर डोळ्याचं मी काही सांगू शकत नाही." मेहुणी रडू लागली. साडू आत गेले. मी दारात उभा राहिलो.

"कोण?" सासूबाईंनी विचारले.

"मी आहे, आई."

"जावईबापू, आता पुन्हा वाचायला मिळेल की नाही, देवाला ठाऊक. कारभारीच ना हो तो?"

साडू गप्प राहिले.

"तुमची पद्धत मला माहीत आहे. सांगू नका. पण आज मला दिसतही नाही." त्यांची मान पिशवीवर घासली गेली.

"हलू नका, आई. मी पाणी घेऊन येतो," साडू म्हणाले आणि बाहेर आले. माठाजवळ उभे राहून त्यांनी डावा कान धरला आणि पिळला. पुन्हा पिळला. पाणी न घेताच ते आत गेले, खाटेशेजारी खाली बसले आणि सासूबाईंचा हात उचलून आपल्या कानावर ठेवला. ज्या बाईने इतक्या वर्षांत जावयासमोर डोक्यावरचा पदर ढळू दिला नव्हता, तिने त्याचा कान चाचपला.

"तापलाय," त्या म्हणाल्या. "कारभारीच. मी म्हणतच होते." आणि त्या शांत झाल्या. थोड्या वेळाने त्यांना झोप लागली. साडू तसेच बसून होते. एक शब्दही ते बोलले नव्हते, म्हणजे त्यांचा नियम मोडलेला नव्हता.

डोळा वाचला. जाड भिंगाचा चष्मा लागला आणि पावसाळा संपता संपता सासूबाई पुन्हा वाचू लागल्या. एका सकाळी मी कल्याणला काही कामासाठी गेलो होतो. भात करपल्याचा वास बाहेरपर्यंत येत होता. सासूबाई चुलीपुढे तीच कादंबरी मांडीवर घेऊन बसल्या होत्या.

"कारभारी नव्हता हो," त्या म्हणाल्या. "धाकटी सून होती."

मी व्हरांड्यात पाहिलेला प्रकार त्यांना सांगितला. त्यांनी पातेले खाली उतरवले.

"त्यांना कळू देऊ नका," त्या म्हणाल्या. "त्यांना खोटं करायची सवय नाही. मनाला लावून घेतील."

मी कळू दिले नाही. पुढच्या दिवाळीला आम्ही सगळे कल्याणला होतो. जेवणानंतर साडू झोपाळ्यावर सुपारी कातरत बसले होते. कानटोपी नव्हती. सासूबाई समोर वाती वळत होत्या. मग साडूंनी अडकित्त्याकडे पाहत विचारले, "आई, ती इस्पितळाच्या वेळची कादंबरी तुमची अपुरी राहिली होती. पुढे वाचलीत का?"

"छे हो," सासूबाई म्हणाल्या. "शेवट कळलेली कादंबरी कोण वाचतं?"

साडूंनी मान डोलावली. त्यांचा डावा कान लाल होऊ लागला होता. सासूबाईंनी चष्मा काढला आणि पदराने पुसायला घेतला.